चूलबंद आवतन

गेल्या महिन्यात ओमने परदेशातून मला फोनवर एक पान पाठवलं. इंटरनेटवर बहुतेक प्रत्येक गावाचं एक पान असतं, तसं माझ्या माहेरच्या गावाचं, डोहखेडचंही निघालं. मी चष्मा लावून ते नीट वाचलं. वाचायला फार नव्हतंच. डोहखेड हे पूर्णा नदीकाठचं एक लहान ग्रामीण गाव आहे, असं पहिलं वाक्य. 'इतिहास' या मथळ्याखाली लिहिलं होतं, माहिती उपलब्ध नाही. 'लोकसंख्या' या मथळ्याखाली, वस्ती नाही. त्याखाली ओमने स्वतःचं वाक्य जोडलं होतं, "आजी, तुझ्या गावात तर कोणीच राहत नाही. मग तू कुठली?" आणि पुढे एक हसरा पिवळा चेहरा. मी आयुष्यभर इंग्रजी शिकवलं. विधान करण्याआधी पुरावा पाहा, हे अमरावतीतल्या मुलींच्या कितीतरी तुकड्यांना मी सांगत आले, आणि माझा स्वतःचा नातू एका पानावर विसंबून माझं गाव पुसून मोकळा झाला. म्हणून हे प्रकरण मी क्रमाने लिहिणार आहे. आधी पाणी, मग माणसं, मग तो दिवस. ओम, सानिका, तुम्ही दोघा भावंडांनी मध्ये शंका विचारू नका. शेवटी विचारा.

अमरावती आणि अकोल्याच्या मधला पूर्णेकाठचा मुलूख खारपाणाचा आहे. जमीन काळी, कसदार आणि नजर पोचेल तिथवर सपाट, पण विहीर खणली की खारं पाणी लागतं. त्या पाण्यात साबणाला फेस येत नाही. तुरीची डाळ सकाळी चुलीवर चढवली तर संध्याकाळीही दाताखाली कचकचते. चहाला अशी चव येते की पाहुणा दुसरा कप मागत नाही. गोडं पाणी एकाच ठिकाणी मिळायचं, नदीच्या वाळूत. पावसाळ्यानंतर धार बारीक झाली की बायका वाळूत खड्डा करत, त्याला झिरा म्हणायचं. पाणी तळाशी हळूहळू पाझरे आणि ते वाटीने भरून गुंडात, म्हणजे पितळी घागरीत, ओतायचं. पितळी वाटी वाळूला घासल्याचा तो आवाज, आणि मध्ये पाणी साचण्याची वाट पाहताना बायकांच्या चाललेल्या गप्पा, हे माझ्या लहानपणाचं सकाळचं संगीत. नदीला कितीतरी वळणं आहेत, पण भर उन्हाळ्यातही न आटणारे झिरे आमच्याच वळणावर, मोठ्या डोहाच्या खालच्या अंगाला होते. म्हणून गाव तिथे वसलं. इतिहास उपलब्ध नाही म्हणणाऱ्याला माझं एवढंच सांगणं आहे, की जिथे डाळ शिजली तिथे माणसं राहिली. आमच्या गावाला याहून मोठा इतिहास नाही आणि त्याची आम्हाला कधी लाजही वाटली नाही.

आमचं घर माळ्याचं. धाब्याचं, म्हणजे मातीच्या सपाट छपराचं, दोन खोल्यांचं आणि पुढे निंबाच्या सावलीतलं अंगण. नदीला लागून आमचा मळा होता. त्यात वांगी, मेथी, सांबार आणि बांधाने झेंडू. सांबार म्हणजे कोथिंबीर, सानिका. तू एकदा माझ्या तोंडून सांबार ऐकून इडली मागितली होतीस. सकाळी भाकरी थापल्याचा आवाज झाला की मी डोळे उघडायची. ज्वारीची भाकर, त्यावर मिरचीचा ठेचा आणि जवसाच्या तेलाची धार, एवढं खाऊन मी शाळेत जायची. शेजारी करीमचाचा बागवान राहत. आमची वांगी, आमचा झेंडू आणि त्यांच्या वाडीतले पेरू असं सगळं त्यांच्या बंडीतून अमरावतीच्या बाजारात जायचं. बंडी म्हणजे बैलगाडी. चाचा घरात हिंदी बोलत, आमच्याशी वऱ्हाडी बोलत आणि बैलांशी दोन्ही. भांडायचं झालं की मात्र फक्त वऱ्हाडी, कारण त्यांच्या मते हिंदीत भांडणाला जोर येत नाही.

आणि आमच्या घरात गोदाआत्या होती. वडिलांची थोरली बहीण. तिचं लग्न रस्त्यावरच्या गावात, एका मोठ्या, चांगल्या खात्यापित्या घरात झालं होतं. ती दिवाळीला माहेरी आली आणि परत गेलीच नाही. कारण विचारलं की सांगे, "तिथलं पानी खारं हाय." एवढंच. सासू वाईट नाही, नवरा वाईट नाही, पाणी खारं. मामा, म्हणजे तिचे यजमान, तिला न्यायला दोनदा आले आणि दोनदा एकटेच परत गेले. तिसऱ्यांदा आले ते इथेच राहिले आणि आमच्या मळ्यात राबू लागले. गावाने पुष्कळ नावं ठेवली. आत्या ऐकून घ्यायची आणि म्हणायची, "तुमी बी येऊन राहा की सासुरवाडीले. पानी गोड हाय." एखादी गोष्ट तिला पटली नाही तर ती आवाज चढवत नसे, फक्त जागची हलत नसे. माझ्यात जो काही ताठपणा आहे असं तुमची आई म्हणते, तो कुठून आला हे आता तुम्हाला कळलं असेल.

मी सहावीत होते त्या वर्षीच्या पावसाळ्यात पूर्णा खालच्या आळीत शिरली. काही भिंती बसल्या, कुणाचं धान्य भिजलं, माणूस कुणी गेलं नाही. पाणी ओसरल्यावर लोकांनी भिंती पुन्हा घातल्या. पण तालुक्याच्या कचेरीत असं ठरलं की डोहखेड धोक्याच्या जागी आहे, ते उठवून वर रस्त्याकडेला वसवावं. कागदावर ते शहाणपणाचंच होतं. गावातली म्हातारी माणसं जागा पाहायला गेली, तेव्हा आत्याही गेली. तिने पदरात मूठभर डाळ बांधून नेली होती. तिथल्या विहिरीचं पाणी काढून, दगडांची चूल मांडून तिने ती चढवली आणि शेजारी बसून राहिली. सूर्य कलला तरी डाळ शिजेना. ती उठली, डाळ ओतून दिली आणि भांडं घासून परत आली. कचेरीचा माणूस विचारायला आला तेव्हा म्हणाली, "मी येतो ना. डाळ शिजन त्या दिवशी येतो." तो माणूस वऱ्हाडातला नसावा. एवढी मोठी बाई मी येतो म्हणते म्हणून तो आधी हसला. आमच्याकडे बायाही येतो, जातोच म्हणतात. मग आपलं हसणं कुणाला आवडलेलं नाही हे लक्षात येऊन तो गेला.

आता तो दिवस. पौषात आमच्या गावात आसरामायची पंगत असे. आसरा म्हणजे पाण्यातल्या देवता. डोहाच्या पलीकडच्या काठावर, गावातून न दिसणाऱ्या वळणाआड, शेंदूर लावलेले त्यांचे गोटे आहेत. ही पंगत चूलबंद. चूलबंद आवतन दिलं की घरातल्या एखाद्याने जेवायला जाऊन चालत नाही, सगळं घर जायचं आणि त्या दिवशी त्या घरात चूल पेटवायची नाही. आसरामायच्या दिवशी तर सगळ्या गावालाच चूलबंद असे. वरून एक नियम, की गावात कुणालाही मागे ठेवायचं नाही. मागे राहील त्याला नदी मागून घेते, अशी समजूत होती. म्हणून म्हातारी माणसं बंडीत बसवून नेत, बाळंतिणी जात, गुरं जात, आणि कुत्री तर न सांगताच जात. करीमचाचांच्या घरची सगळी येत. त्यांच्या आईचा, बडी अम्मीचा, वरण वाटायचा मान कित्येक वर्षांचा होता. निघताना प्रत्येक जण आपल्या दाराला बाभळीची काटेरी फांदी आडवी लावत असे, भटकं जनावर आत शिरू नये म्हणून. कुलूप कुणाकडेच नव्हतं.

पलीकडच्या वाळूवर गोवऱ्यांचा लांबच लांब आर, म्हणजे विस्तवाचा थर, पेटे आणि त्यात रोडगे भाजले जात. जाड्याभरड्या गव्हाच्या कणकेचे, आत पदर असलेले, नारळाएवढे गोळे. वर राख, आत विस्तव, सगळीकडे शेणाच्या धुराचा आणि भाजल्या गव्हाचा वास. भाजून झाले की फडक्यावर घेऊन राख झटकायची, मुठीने फोडायचे आणि वरून तूप सोडायचं. सोबत आमच्या मळ्यातल्या वांग्यांची तेल सुटलेली भाजी आणि मऊ शिजलेलं तुरीचं वरण. डाळ शिजते याचा आम्हाला इतका अभिमान होता की ते वरण आम्ही नैवेद्यासारखं खात असू. इथे अमरावतीत आता लग्नाच्या हॉलमध्येही रोडगे मिळतात. खाते मी. पण त्यांना राख लागलेली नसते.

त्या वर्षी पंगत आटोपून आम्ही उन्हं उतरताना परत आलो आणि सगळ्यात पुढे धावणारी पोरं पहिल्याच घरापाशी थबकली. दारावर डांबराची फुली होती. हातभर मोठी, अजून ओली. पुढच्या दारावर फुली, त्याच्या पुढच्या दारावर फुली. आमच्या दारावरही. धुळीत जीपच्या चाकांचे माग होते. कुणाला काही कळेना. एक म्हातारी म्हणाली, हे देवीच्या लसवाल्यांचं काम. कुणी म्हणालं, चोरांची खूण. माझ्या आईने राख आणि चिंधी घेऊन फुली घासायला सुरुवात केली तर आत्याने तिचा हात धरला. "राहू दे," ती म्हणाली. "ज्यानं काढली त्यानंच पुसली पायजे."

चार-आठ दिवसांत खुलासा झाला. आमच्या शाळेत एकच गुरुजी होते, वर्ध्याकडचे, सातवीपर्यंत सगळे वर्ग एकट्याने सांभाळणारे. इंग्रजी शिकवायची त्यांना इतकी हौस, की स्वतःला येत असलेली सगळी वाक्यं त्यांनी दिवाळीआधीच आम्हाला शिकवून संपवली होती. ते एका संध्याकाळी आमच्या अंगणात येऊन बसले आणि पाणी पिऊन झाल्यावर बाबांना म्हणाले, "नामदेवराव, मला बदलीचा हुकूम आलाय. गाव उजाड झालं म्हणून शाळा बंद." तालुक्याचे साहेब पाहणीला आले होते. कुणी राहतं की नाही तेवढं पाहायला. त्यांना दिसलं ते असं, दारोदार आडव्या काट्या, घरात माणूस नाही, गोठ्यात जनावर नाही, चुलीत गार राख. त्यांनी शिपायाकडून फुल्या मारून घेतल्या आणि डोहखेड उजाड असं लिहून पाठवलं. आत्याच्या डाळीची अट सोडून लोक आपणच निघून गेले याचा त्यांना आनंदही झाला असणार. आता शाळा नदीपलीकडच्या मोठ्या गावात. पुराच्या दिवसांत नदी कोण उतरणार, आणि वयात आलेल्या मुलीला एवढ्या लांब कोण पाठवणार. बाबा माझ्याकडे न पाहता म्हणाले, "सातवी झाली असती तं बरं झालं असतं. आता राहू दे. मळ्यात हात लागन तिचा." त्यात राग नव्हता, नाइलाज होता. त्या एका वाक्याने माझं शिक्षण संपलं होतं. मी आत जाऊन पाटीवर जे इंग्रजी लिहिलेलं होतं ते पुसायला घेतलं. आत्या दारात उभी होती. "तुले कोनं सांगतलं पुसाले?" ती म्हणाली. "तू नको पुसू, सुमे. तिकडचं पुसायचं हाय."

बाबा आणि करीमचाचा कचेरीत जाऊन आले. परत आल्यावर चाचांनी सगळा प्रसंग अंगणात करून दाखवला. ते स्वतःच कारकून झाले, नाकावर चष्मा असल्यासारखं वरून पाहत. "म्हने, तुमचं गाव उजाड हाय. मी म्हनलं, उजाड है तो मेरी बंडी में बैंगन किधर से आया? म्हने, बैंगन कुठूनबी येते. मी म्हनलं, आन मी? म्हने, तुमीबी कुठूनबी येऊ शकता. साहेबानं सोताच्या डोयानं पाह्यलं. साहेबाच्या डोयापुढं तुमचं काय?" लोक हसले. चाचा खाली बसले आणि आत्याला आपल्या आवाजात म्हणाले, "बाई, खरी गोष्ट सांगू का. मले दोन मिनिटं तिथं वाटलं का आपन खरंच नाही."

कुणी म्हणालं, सगळं गाव बंड्यांत बसवून कचेरीवर नेऊ, मग तरी दिसेल. मामा सहसा बोलत नसत. ते म्हणाले, "आन तवा तो इकडं आला तं?" गावाने एकदम बाहेर जायचं आणि त्याच वेळी साहेबाने यायचं, हे एकदा झालंच होतं. आत्या म्हणाली, "त्यानं डोयानं पाह्यलं ना? मंग डोयालेच दाखवा लागन. त्याले जेवाले बोलावतो." कसलं जेवण, असं म्हाताऱ्यांनी विचारलं. चूलबंद, ती म्हणाली. आसरामायची पंगत वर्षातून एकदाच होते, दुसऱ्यांदा करायची रीत नाही, असं चार तोंडांनी चार वेळा सांगून झालं. आत्या उठत म्हणाली, "आसरामायले मी सांगतो. तिलेबी डोहात राहाचं हाय, तं शेजारी मानूस पायजे का नाही?"

दुसऱ्या दिवशी चाचांच्या बंडीत बसून ती तालुक्याला निघाली. मला सोबत घेतलं, कारण दारावरच्या पाट्या मला वाचता येत होत्या. ती कचेरीकडे गेलीच नाही. सरळ साहेबांच्या घरी गेली. दार त्यांच्या बायकोने उघडलं. कोवळी होती, नुकती लग्न झालेली असावी. आत्याने विचारलं, "बाई, माहेर कोनतं?"

"अकोला."

"मंग तुमाले समजावा लागत नाही," आत्या म्हणाली, आणि ओच्यातून हळदीच्या अक्षता काढून तिने उंबरठ्यावर ठेवल्या. "परवा डोहखेडले चूलबंद. तुमी आन साहेब. घरात अजून कोनी असन तं तेबी."

त्या बाईंनी अक्षतांकडे पाहिलं, मग आमच्याकडे. "डोहखेड? ते तर उजाड झालं म्हणत होते हे."

"तेच तं. उजाड गावानं जेवाले बोलावलं."

बाईंना हसू आलं, ते त्यांनी दाबलं. "हे पुण्याकडचे आहेत, आत्याबाई. चूलबंद काय ते यांना ठाऊक नाही. नाही म्हणतील."

"तं तुमची चूल तुमी पेटवा," आत्या शांतपणे म्हणाली. "आमचं काही म्हननं नाही." अकोल्याच्या मुलीला याचा अर्थ सांगायला नको होता. अक्षता उंबरठ्यावर असताना चूल पेटवणं म्हणजे बोलावणाऱ्याच्या ताटात थुंकणं. आम्ही निघालो तेव्हा त्या वाकून एक एक दाणा उचलत होत्या.

ठरल्या दिवशी उन्हं चढली तरी जीप दिसेना. आर पेटला होता, रोडगे आत होते आणि सगळं गाव वाळूत बसून तालुक्याच्या वाटेकडे पाहत होतं. बाबा पुन्हा पुन्हा उठून उभे राहत. शेवटी धूळ दिसली. जीपमधून साहेब उतरले, त्यांचा शिपाई आणि त्या बाई. साहेब उंच, बारीक, आणि भुकेने चिडलेले होते. ते का आले हे बाईंनी नंतर बायकांना सांगितलं. सकाळी त्यांनी चहा मागितला, तर बाई म्हणाल्या, चूलबंद आहे. आंघोळीचं पाणी मागितलं, तर म्हणाल्या, चूलबंद आहे. दुपारी काय खायचं, तर म्हणाल्या, डोहखेडला जायचं. साहेब काही वाईट माणूस नव्हता. आज मला असं लिहिता येतं, त्या दिवशी कुणी लिहायला सांगितलं असतं तर मी लिहिलं नसतं.

ते पंगतीत बसले. पत्रावळीवर रोडगा फोडून त्यावर बडी अम्मीने वरण घातलं तेव्हा ते समोरच्या रांगांकडे पाहत होते. दोन घास खाल्ल्यावर त्यांनी विचारलं, "ही सगळी माणसं कुठली?" आत्या म्हणाली, "जेवा आधी. पंगतीत बोलू नाही." ते जेवले. चांगले जेवले. हात धुतल्यावर बाबांकडे वळून म्हणाले, "हे पाहा, माणसं आहेत हे दिसतंय मला. पण पंगतीला चार गावची माणसं येतात. मी त्या दिवशी घराघरात डोकावलोय. चुलीतली राख गार होती. चूल थंड म्हणजे घर सुटलं. असं मला वाटलं तर त्यात माझं काय चुकलं?"

आत्या पदराने हात पुसत पुढे आली. "साहेब, आजबी गावातल्या साऱ्या चुली थंड हायेत. जाऊन पाहा. आन तुमच्या घरची चूल?" साहेबांनी बायकोकडे पाहिलं. "तेबी थंडच असन ना. मंग तुमचं घर उजाड झालं का? तिथं बी फुली मारू?"

पंगतीच्या टोकाला बायकांत बसलेल्या त्या अकोल्याच्या बाई मोठ्याने हसल्या. त्यानंतर मग कुणालाच आवरलं नाही. साहेबांचा चेहरा लाल झाला, पण ते उठून गेले नाहीत. याचं श्रेय मी त्यांना देते. ते म्हणाले, "बरं. कोण कुठे राहतं, ते दाखवा मला. तुम्ही मोठ्यांनी नाही." त्यांनी रांगांवर नजर फिरवली आणि ती माझ्यावर थांबली. "ही मुलगी दाखवेल. काय ग, शाळेत जातेस?" जात होते म्हणावं की जाते म्हणावं? तेव्हा ते इंग्रजीत म्हणाले, तुझं नाव काय. परीक्षाच होती ती. मी मागे गुरुजींकडे पाहिलं. ते माझ्याहून जास्त घाबरले होते. मी म्हणाले, "माय नेम इज सुमन." आणि थांबले असते, पण गुरुजींनी नावाच्या वाक्याला जोडूनच दुसरं वाक्य शिकवलं होतं, ते आपोआप मागून आलं. "आय लिव्ह इन धिस व्हिलेज."

मी पुढे निघाले आणि सगळं गाव माझ्या मागून नदी उतरलं. पहिलं घर भोयाचं, डोहात जाळं टाकणाऱ्याचं. त्याचे आजोबा वाशीमकडून आले, पुरात वाहत आले असं ते स्वतःच सांगत. मी नाव घेतलं आणि घरधनी गर्दीतून पुढे होऊन आपल्या दारापुढे उभा राहिला. काटी बाजूला सारून त्याची बायको आत गेली. पुढचं घर कोष्ट्याचं, ज्याचा माग बंद पडला तरी खड्डा अजून होता. ते माझ्यामागून आपल्या दारात. मग चाचांचं, मग आमच्या भावकीचं, मग त्या म्हातारीचं जिचा मुलगा सेमाडोहच्या जंगलखात्यात होता आणि जिची भाकर आळीपाळीने शेजारी करत. प्रत्येक घरात कोण, कुणाची सून कुठली, कुणाला काल काय झालं, मला सगळं येत होतं. गावात कुणाला येत नसतं? साहेब आधी एका एका नावाला मान हलवत होते, मग थांबून ऐकू लागले, मग त्यांनीच विचारायला सुरुवात केली, हा माग कधी बंद पडला, ती म्हातारी किती वर्षं एकटी आहे. आम्ही खालच्या आळीच्या टोकाला पोचून मागे वळलो तेव्हा पाहिलं, ज्या ज्या घराचं नाव मी घेतलं होतं त्या त्या धाब्यावरून धूर निघत होता. पंगत संपली होती, चुली पेटवायला मोकळीक होती, आणि हे कुणी कुणाला सांगितलेलं नव्हतं. संध्याकाळच्या थंड हवेत तो धूर वर न जाता गावावर पसरून राहिला.

शेवटचं घर आमचं. दारात आत्या उभी होती. एका हातात रॉकेलची वाटी, दुसऱ्या हातात चिंधी. शिपाई पुढे झाला आणि त्याने चिंधीसाठी हात केला. आत्याने हात मागे घेतला. "तुमी नाही, भाऊ. तुमी हुकमाचे." माझी आई आत्याच्या पदराला हळूच ओढत होती, पुरे झालं अशा अर्थाने. आत्या हलली नाही. तेव्हा त्या अकोल्याच्या बाई मागून म्हणाल्या, "पुसा ना. दोन घास जास्तच खाल्लेत तुम्ही." साहेबांनी मनगटावरचं घड्याळ काढून बाईंच्या हातात दिलं, बाह्या वर केल्या आणि फुली पुसायला घेतली. डांबर ते. पूर्ण गेलं नाहीच. पण ते घासत राहिले, कपाळाला घाम येईपर्यंत, आणि आत्या म्हणाली, "बस. समजलं." मग तिने त्यांना साबण दिला आणि हातावर पाणी घातलं. गोडं पाणी. साबणाला फेस आला.

शाळा राहिली. गुरुजी राहिले. मी सातवी झाले, मग चाचांच्या बंडीत भाजीच्या पाट्यांवर बसून अमरावतीला गेले आणि पुढचं तुम्हाला माहीत आहे. गाव तिथेच राहिलं. नंतरच्या वर्षांत नळ आले, पुष्कळ जण रस्त्याकडेला घरं बांधून गेले, आणि त्या नव्या वस्तीची मोजणी शेजारच्या मोठ्या गावात होते. नदीकाठी आता थोडी घरं आहेत, तीही त्याच मोजणीत धरतात. करीमचाचांचा नातू तिथे झेंडू लावतो आणि मला दसऱ्याला पाठवतो. पौषात पंगत होते. मी दर वर्षी जाते. माझे गुडघे आता माझं ऐकत नाहीत, म्हणून मला बंडीऐवजी ट्रॅक्टरमधून नदीपार नेतात, कारण अजूनही कुणाला मागे ठेवत नाहीत. आमच्या दाराच्या फळीवर तो काळा डाग अजून आहे. आत्या दर पोळ्याला दाराला तेल लावायची, त्या डागाच्या कडेकडेने.

इंटरनेटवरचं ते पान दुरुस्त करता येतं, असं तुमची आई म्हणाली. कसं करायचं ते तिने मला फोनवर दाखवलंही, आणि मला ते जमेलही. मी करणार नाही. ते पान कुणी लिहिलं मला ठाऊक नाही, पण तुझ्या गावात कोणीच राहत नाही हे वाक्य कुणाचं आहे ते मला ठाऊक आहे. ओम, ते तूच पुसायचं. रॉकेल आता कुठे मिळत नाही, मी टर्पेंटाइन आणून ठेवलं आहे. अक्षता पोस्टाने पाठवल्या तर तिकडच्या विमानतळावर काढून घेतात, म्हणून इथे लिहूनच ठेवते की पौषातल्या पंगतीचं हे आवतन चूलबंद आहे, तुम्हा दोघांना आणि घरात अजून कुणी असेल त्यालाही. तुमच्याकडे चूल नाही, विजेची शेगडी आहे. ती बंद करून निघा. शंका तिथे वाळूत बसल्यावर विचारा, जेवण झाल्यावर.